‘अजून चालस ना!’ : तडा गेलेल्या काचेचं काय करायचं

दिवाळीच्या आवराआवरीत आमच्या लोणच्याच्या बरणीला तडा गेला. पाच किलोची जुनी काचेची बरणी. तळापासून चार बोटं वर चढलेली केसाएवढी रेघ. मी ती टाकायला म्हणून ओट्यावर काढून ठेवली. सासूबाईंनी ती पुन्हा फळीवर नेऊन ठेवली, फक्त तडा भिंतीकडे वळवून. "अजून चालस ना व माय!" एवढंच त्यांचं म्हणणं. आणि चाललीही. संक्रांत गेली, होळी गेली, आखाजी (अक्षय्य तृतीया) गेली. मे संपता संपता कैरीचं लोणचं घातलं, फोडणी गार करून ओतली, दादरा बांधला. तिसऱ्या दिवशी हलवून ठेवायला म्हणून बरणी उचलली, तर तळ फळीवरच राहिला आणि बाकीची बरणी माझ्या हातात आली.

अमळनेरचं घर, सुटीचे दिवस, नणंदांची पोरं अनवाणी सगळीकडे. सासूबाई माजघरातून ओरडल्या, "पाय उघाडा शे का तुना? पायमा चप्पल घाल पहिले!" हे अगदी बरोबर होतं, काच फुटल्यावर पहिलं वाक्य हेच असावं. दुसरं मात्र चुकलं. त्या आल्या, तेलाच्या थारोळ्यातल्या फोडींकडे पाहिलं आणि हळहळून म्हणाल्या, "वरलं वरलं काढी ले."

मी एका महाविद्यालयाच्या रसायनशास्त्राच्या प्रयोगशाळेत सहायक म्हणून सव्वीस वर्षं काढली. तिथे तडा गेलेलं चंचुपात्र (बीकर) त्याच दिवशी बाद व्हायचं, त्यावर चर्चाच नसायची. तीच मी घरी आठ महिने तडकलेल्या बरणीतलं खात होते. तेव्हा हा लेख सासूबाईंना नावं ठेवायला नाही. काच म्हणजे काय, तडा म्हणजे काय आणि तो गेल्यावर नेमकं काय करायचं, एवढंच सांगायचं आहे.

लोणचं का टाकलं

"वरलं वरलं" का काढायचं नाही, हे त्यांना पटवायला मी एक प्रयोग दाखवला. घरात प्रयोगशाळेतली एक काचेची कांडी होती. ती वाटीभर शेंगदाण्याच्या तेलात बुडवली. बुडालेला भाग दिसेनासा झाला. कांडी तेलाबाहेर होती तिथपर्यंत दिसत होती, पुढे जणू तोडून टाकलेली.

जादू काही नाही. आपल्याला पारदर्शक वस्तू दिसते ती तिच्या कडेवर प्रकाश वळतो आणि थोडा परततो म्हणून. प्रकाश किती वळणार हे त्या पदार्थाच्या अपवर्तनांकावर ठरतं. पाण्याचा अपवर्तनांक १.३३, शेंगदाणा तेलाचा साधारण १.४७, आणि प्रयोगशाळेतल्या बोरोसिलिकेट काचेचाही १.४७. दोन्ही सारखे, म्हणून प्रकाशाला कड लागतच नाही. बरणीची साधी काच १.५२ च्या आसपास असते. ती पूर्ण नाहीशी होत नाही, पण फिकट होते. तांदळाच्या कणीएवढा तुकडा तेलात, मोहरीच्या डाळीत आणि तिखटात असेल तर तो डोळ्यांना सापडणार नाही. गाळूनही भरवसा नाही, फोडीत रुतलेली कपची गाळणीला कशी कळणार?

तेव्हा ज्या भांड्यात, बरणीत किंवा बाटलीत खाण्याचं काही होतं आणि काच फुटली, ते सगळं टाकायचं. तूप असो, मध असो, पाच किलो लोणचं असो. शेजारी उघडी ठेवलेली कणीक किंवा कोशिंबीरसुद्धा. सासूबाई त्या दिवशी जेवल्या नाहीत, पण त्यांनी ते टाकू दिलं.

थर्मासचं विशेष सांगते, कारण दवाखान्यात आणि शेतात चहा न्यायला तो अजून घरोघरी आहे. जुन्या पद्धतीच्या थर्मासच्या आत दुहेरी भिंतीची काच असते, मधली हवा काढून टाकलेली असते आणि काचेला आतून चांदीसारखा मुलामा असतो. ती काच फार पातळ असते आणि बाहेरची हवा तिला सतत दाबत असते. तडकली की ती आत कोसळते आणि आरशासारख्या पातळ पापुद्र्यांचा चुरा चहात येतो. थर्मास कुठे आपटला असेल तर भरण्याआधी कानाजवळ हलवून पाहा. खळखळ आवाज आला तर तो संपला. ‘गाळून घेऊ’ म्हणू नका.

तडा म्हणजे काय

काच वाळूपासून होते हे शाळेत शिकलेलं असतं. घरातली बहुतेक काच म्हणजे वाळूतली सिलिका सुमारे सत्तर टक्के, उरलेला बहुतेक भाग सोडा आणि चुनखडी. सोड्याने वाळू कमी उष्णतेत वितळते, चुन्याने काच पाण्यात विरघळायची थांबते. मीठ-साखरेत कण जसे ओळीत रचलेले असतात, तसे काचेत नसतात. वितळलेला रस घाईत गोठावा तसे ते आत अस्ताव्यस्त थिजलेले असतात. (१९०८ साली लोकांकडून एकेक पैसा गोळा करून महाराष्ट्रात तळेगाव दाभाड्याला पैसा फंडाचा काच कारखाना निघाला. काच घडवणं हा तेव्हा स्वदेशीचा विषय होता.)

लोखंडाची तार वाकवली की वाकते, कारण तिच्यातले थर एकमेकांवरून सरकतात आणि ताण वाटला जातो. काचेत सरकायला असं काही नाही. ताण आला की तो एकाच जागी गोळा होतो, आणि ती जागा म्हणजे कुठला तरी बारीक ओरखडा. कापड फाडायचं असेल तर आपण आधी काठावर कात्रीने एक चीर देतो, मग ते सरळ टरकतं. चीर नसेल तर दोन्ही हातांनी ओढूनही फाटत नाही. काचेचं अगदी तेच. इंग्लंडमधल्या ए. ए. ग्रिफिथ या अभियंत्याने १९२१ साली प्रसिद्ध झालेल्या निबंधात हे गणिताने मांडलं. काच हिशेबाप्रमाणे जितकी मजबूत असायला हवी त्याच्या कितीतरी कमी ताणात ती फुटते, कारण तिच्या अंगावर डोळ्यांना न दिसणाऱ्या चिरा असतात आणि चिरेच्या टोकाशी ताण अनेक पटींनी वाढतो.

आता आपल्या मोरीत या. राखेने, कधी वाळूने, हल्ली तारेच्या घासणीने आपण ग्लास घासतो. चकचकीत होतो, आणि प्रत्येक घासणीला त्याला नवे ओरखडे पडतात. पंधरा वर्षं जपून वापरलेला ग्लास एक दिवस कोमट पाण्याने ‘उगाचच’ तडकतो. तो उगाच नसतो, त्याची तयारी कधीपासून चाललेली असते. काचेला मऊ फडकं किंवा स्पंज. राख तांब्या-पितळेच्या भांड्यांना राहू द्या.

दुसरी गोष्ट मला स्वतःला फार उशिरा कळली. तडा स्थिर नसतो. आमची बरणी आठ महिने तशीच आहे असं आम्हाला वाटत होतं, पण ती तशी नव्हती. चिरेच्या टोकाशी पाण्याचा अंश पोहोचला की तिथले सिलिकाचे बंध सुटायला मदत होते आणि चीर हळूहळू पुढे सरकते. हवेतला दमटपणाही पुरतो. ती रोज इतकी थोडी वाढते की नजरेला कळत नाही. मग एका लांबीला ती अशी पोहोचते की पुढचं काम एका क्षणात होतं. काचेतून पळणाऱ्या तड्याचा वेग सेकंदाला सुमारे दीड किलोमीटर असतो, आवाजाच्या हवेतल्या वेगाच्या चौपट. ‘फुटायला लागली की सोडून देईन’ हा विचार म्हणून चालत नाही. हाताला तेवढा वेळच मिळत नाही.

तडा ओळखायची जुनी रीत उत्तम आहे. कासार बांगड्या भरताना त्या हातावर वाजवून पाहतो, आपण माठ घेताना टिचकी मारतो. काचेच्या बाऊलला, बरणीला बाहेरून नखाने टिचकी मारा. धड काच किणकिणते आणि आवाज थोडा रेंगाळतो. तडा असेल तर आवाज बद्द येतो, कारण चिरेच्या दोन बाजू एकमेकींवर घासून कंप गिळून टाकतात. बरणी रिकामी असावी आणि एका हातावर सैल धरावी, नाहीतर चांगलीही बद्द वाजेल. बांगडीवरून आठवलं. आपल्याकडे बांगडी फुटत नाही, ‘वाढते’. शब्द जपण्यापुरतं ते ठीक आहे, पण टिचलेली बांगडी हातात ठेवून पीठ मळायला बसू नका. मनगटाच्या आतल्या बाजूला रक्तवाहिन्या अगदी वर असतात.

टवका उडालेला ग्लास हा प्रकार घरातून सगळ्यात उशिरा जातो. काठाचा टवका म्हणजे ओठाला धार, आणि शिवाय तो पुढच्या तड्याचं मूळ. तो कानशीने घासून गुळगुळीत करायचा उद्योग करू नका, पूड उडते आणि नवीन चिरा पडतात. पेन ठेवायला, दाढीच्या ब्रशला, मनीप्लांट लावायला तो ग्लास वापरतात. टवका असेल, तडा नसेल आणि तो लहान मुलांच्या हाती येणार नसेल तर पेनाला माझी हरकत नाही. तडा असेल तर पेनालाही नको. अॅरल्डाइटसारख्या डिंकाने शोभेची वस्तू चिकटवा. खाण्यापिण्याचं आणि गरम काही त्यात पुन्हा कधीच ठेवू नका.

खान्देशातला उन्हाळा आणि काच

भुसावळ-जळगावकडे पारा पंचेचाळीसच्या पुढे गेला की काचा आपोआप तडकल्याच्या गोष्टी ऐकू येतात. त्यात तथ्य आहे, पण उष्णता एकटी दोषी नाही. काचेला तापण्याचं भय नसतं. तिचा एक भाग तापून दुसरा गार राहणं हे तिचं दुखणं.

काच उष्णता सावकाश पुढे देते. गार ग्लासात उकळता चहा ओतला की आतली बाजू लगेच प्रसरण पावते, बाहेरची अजून गारच असते. आतली बाहेरचीला ताणते आणि काच ताणाला कच्ची. (दाबाला मात्र ती फार पक्की आहे, हे पुढे कामाला येईल.) याच्या उलट, तापलेल्या काचेवर गार पाणी पडणं जास्त वाईट. तेव्हा वरचा पृष्ठभागच आकसतो, ताण नेमका तिथेच येतो जिथे सगळे ओरखडे असतात. ज्यांनी कंदील वापरला आहे त्यांना हे सांगावं लागत नाही. कंदिलाची काच तासन् तास ज्योतीजवळ तापते आणि टिकते, पण तापल्यावर पाण्याचा एक थेंब उडाला की चर्रकन तडकते. ती ज्योत सोसते कारण ती पातळ असते, आतून बाहेर लवकर सारखी तापते. जाड बुडाचा भारदस्त ग्लास मजबूत दिसतो, पण गरम चहाला पातळ ग्लासच बरा.

साध्या काचेची एक मीटर लांब पट्टी १०० अंशांनी तापवली तर ती सुमारे ०.९ मिलिमीटर वाढते. बोरोसिलिकेटची तेवढीच पट्टी ०.३३ मिलिमीटर. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस जर्मनीतल्या येना गावी ऑटो शॉटने काचेत बोरॉन घालून ही काच केली. कमी वाढते म्हणून आतला ताणही कमी. आपल्याकडे ‘बोरोसिल’ हा शब्द कुठल्याही जाड काचेला वापरतात, त्याला फसू नका. वस्तूवर बोरोसिलिकेट लिहिलं आहे का ते पाहा. आणि लिहिलेलं असलं तरी तडा गेलेलं बोरोसिलिकेट हे तडा गेलेलंच असतं.

यातून रोजच्या सवयी आपोआप निघतात. फ्रिजमधली बाटली लगेच कोमट पाण्याने धुऊ नका. तापलेलं काचेचं भांडं ओल्या ओट्यावर ठेवू नका, खाली कोरडं फडकं किंवा लाकडी पाट असू द्या. मे महिन्यात उन्हात तापलेल्या गाडीच्या काचेवर बादलीभर गार पाणी फेकू नका. खिडकीची काच अर्धी उन्हात आणि अर्धी छज्जाच्या सावलीत असेल तर ती काठाकडून तडकू शकते, आणि काठ कापताना खडबडीत राहिला असेल तर आधीच. एकात एक अडकलेले ग्लास ओढाओढ करून सोडवताना किती हात कापलेत ते मी पाहिलं आहे. आतल्या ग्लासात गार पाणी भरा, बाहेरचा कोमट पाण्यात धरा. आतला आकसतो, बाहेरचा फुगतो, सुटतात. कोमट म्हणजे कोमट, उकळतं नाही.

गॅसच्या शेगडीची काच वेगळ्या जातीची असते. ती सहाशे अंशांच्या वर तापवून तिच्यावर जोराने गार हवा सोडतात. बाहेरचा थर आधी गोठतो, आतला नंतर आकसतो आणि बाहेरच्याला कायमचा दाबून धरतो. आता मघाशी कंसात सांगितलेलं आठवा, काच दाबाला पक्की असते. अशी टणक केलेली काच साध्या काचेच्या सुमारे चौपट ताकदीची असते. पण आतला थर म्हणजे ताणून ठेवलेली कमानच. चीर आतल्या थरापर्यंत पोहोचली की सगळी काच एकदम मोठा आवाज करून फुटते आणि खडीसाखरेसारखे तुकडे होतात. कढईवरची काचेची झाकणं आणि गाडीच्या बाजूच्या काचाही अशाच. या तुकड्यांना साध्या काचेसारखं पातं नसतं, म्हणून जखमा लहान होतात. मात्र फुटल्यावरही काही वेळ तुकडे टचटच उडत राहतात. आधी रेग्युलेटर बंद करा, मग लांब व्हा, आणि दहा-पंधरा मिनिटांनी झाडायला या. शेगडीच्या काचेवर ओरखडा किंवा कोपऱ्याला टवका दिसला तर ती बदलून घ्या. तिला चिकटपट्टी लावून काही होत नाही.

गोटी सोडा हल्ली लग्नांत पुन्हा दिसू लागला आहे. हायरम कॉड या इंग्रजाने १८७२ मध्ये या बाटलीचं पेटंट घेतलं. आतल्या वायूचा दाबच गोटी तोंडाला बसवून ठेवतो. म्हणजे काच कायम आतून ताणलेली. अशा बाटलीला तडा दिसला तर ती हलवू नका, उन्हात ठेवू नका, पोरांच्या हातात तर देऊच नका.

फुटल्यावर

सगळ्यांनी जागीच थांबायचं. लहान मूल असेल त्याला उचलून घ्यायचं, कुत्र्या-मांजराला बाहेर काढायचं. चपला कुणीतरी आणून द्यायच्या. पंखा आणि कूलर बंद, कारण कूलरच्या झोताने बारीक कपच्या सतरंजीखाली जातात.

मोठे तुकडे हाताने उचलायचे नाहीत हे सगळ्यांना माहीत असतं आणि सगळेच उचलतात. भांडी घासायचे रबरी हातमोजे काच अडवत नाहीत, ती त्यातून लोण्यासारखी जाते. चिमटा, सांडशी किंवा घडी घातलेलं जाड वर्तमानपत्र घ्या. तुकडे वाटतं त्याहून लांब उडतात, ओट्यावरून पडलेला ग्लास खोलीच्या पलीकडच्या भिंतीपर्यंत जातो. म्हणून लांबून सुरुवात करून मध्याकडे झाडत या. मधून बाहेर झाडलं तर आपणच पसरवतो.

झाडू कुठला वापरायचा हा आपल्याकडे अवघड प्रश्न. केरसुणी म्हणजे लक्ष्मी, ती टाकता येत नाही. आणि काच झाडलेली केरसुणी पुन्हा देवघर झाडायला घेतली तर तिच्यात अडकलेल्या कपच्या तिथे सांडतात. मी एक जुना फडा काचेसाठीच वेगळा ठेवला आहे, कुणाची भावनाही दुखत नाही. मोठं झाडून झालं की ओलं वर्तमानपत्र जमिनीवर थापून उचलायचं. उरलेल्या कणांना गव्हाच्या कणकेचा घट्ट गोळा सगळ्यात चांगला. तो फरशीवर दाबत फिरवायचा, शहाबादीच्या सांध्यांत तर नक्कीच. ज्वारीचं किंवा कळण्याचं पीठ उपयोगाचं नाही, त्याला चिकटपणा नसतो, उलट त्याचाच चुरा पडतो. शेवटी दिवे मालवून मोबाइलची बॅटरी जमिनीला टेकवून आडवी धरा. राहिलेली कपची चांदणीसारखी चमकते.

गोधडीवर फुटली असेल तर चारही कोपरे आत घेऊन उचला, बाहेर नेऊन अंगणाच्या एका टोकाला वर्तमानपत्रावर झटका. थेट वॉशिंग मशीनमध्ये टाकू नका. उन्हाळ्यात गच्चीवर झोपायला नेलेल्या काचेच्या बाटलीबद्दल फक्त एवढंच म्हणेन की स्टीलचा तांब्या हा शोध आपल्या आधीच्या लोकांनी विचार करून लावला होता.

काप लागला तर वाहत्या स्वच्छ पाण्याखाली धरा, मग स्वच्छ फडक्याने घट्ट दाबून दहा मिनिटं धरून ठेवा. मध्ये उघडून पाहायचं नाही, तिथेच सगळे घाई करतात. हात वर धरा. हळद, चहापत्ती, तंबाखू, चुना यांतलं काहीही भरू नका. डॉक्टरला आधी ते सगळं धुऊन काढावं लागतं. काच मांसात रुतून बसली असेल तर ओढू नका, तीच कदाचित रक्त अडवून असेल. तिच्या दोन्ही बाजूंनी दाबा आणि दवाखाना गाठा. रक्त थांबत नसेल तर १०८ ला फोन करा. बोट बधिर वाटतंय किंवा पूर्ण वाकत नाही, मग जखम लहान दिसली तरी ती लहान नाही, आत शीर किंवा स्नायुबंध कापलेला असू शकतो. धनुर्वाताचं इंजेक्शन शेवटचं कधी घेतलं ते डॉक्टरांना सांगा. जखम मळकी असेल आणि पाच वर्षं उलटली असतील तर ते बहुधा पुन्हा देतील.

‘काच एक्स-रेत दिसत नाही’ असं म्हणून लोक एक्स-रे टाळतात. ते खरं नाही. दोन मिलिमीटरपेक्षा मोठा तुकडा जवळपास नेहमीच दिसतो. मधुमेह असलेल्यांनी तर पायाबद्दल जरा जास्तच सावध राहावं. पायाची जाणीव कमी झालेली असली की काच रुतलेली कळतच नाही, चौथ्या दिवशी पू झाल्यावर कळते. डोळ्यात कण गेला तर चोळायचं नाही. पाण्याची संथ धार सोडायची, आणि कण रुतला असेल तर हातही न लावता डॉक्टरकडे.

थर्मामीटर आणि ट्यूबलाइट

जुन्या काचेच्या तापमापीत अर्धा ते एक ग्रॅम पारा असतो. ती फुटली की काचेची काळजी दुसरी, पाऱ्याची पहिली. पारा गिळल्यापेक्षा त्याची वाफ श्वासातून जाणं जास्त घातक, आणि चाळीस अंशांवर ती वाफ वीस अंशांच्या सुमारे पाचपट होते. म्हणजे आपल्या मे महिन्यात घाई करायला कारण आहे. मुलांना बाहेर काढा, खिडक्या उघडा, पंखा आणि कूलर बंद. हातातल्या अंगठ्या, बांगड्या आधी काढून ठेवा. पारा सोन्याला लागला की त्यात मुरतो आणि ते पांढरं पडतं, आणि जळगावच्या आसपास हात सहसा सोन्याशिवाय नसतो. दोन जुन्या लग्नपत्रिकांच्या जाड पुठ्ठ्यांनी थेंब एकमेकांत ढकलून मोठा थेंब करा, ड्रॉपरने ओढा आणि थोडं पाणी असलेल्या बाटलीत सोडून झाकण घट्ट लावा. राहिलेलं चिकटपट्टीने टिपा. झाडू नाही, व्हॅक्यूम क्लीनर नाही, मोरीत धुऊन सोडणं नाही.

ट्यूबलाइट आणि सीएफएलमध्ये पारा थोडाच असतो, काही मिलिग्रॅम. पण रीत तीच. दहा मिनिटं खोली उघडी ठेवून बाहेर जा, मग पुठ्ठ्याने गोळा करा. २०१६ च्या घनकचरा नियमांत फुटलेली तापमापी, सीएफएल, ट्यूबलाइट हा घरगुती घातक कचरा धरला होता. तो वेगळा बांधून द्यायचा. एलईडीत पारा नसतो.

उकिरड्यावर नको

शहरात काच घंटागाडीत जाते. ओल्या कचऱ्याच्या पिशवीत सुटी टाकलेली काच गाडीवरच्या माणसाच्या हातात जाते, नंतर कचरा वेचणाऱ्या बाईच्या. पुठ्ठ्याचा खोका किंवा तोंड कापलेली तेलाची कॅन घ्या, काच वर्तमानपत्रात गुंडाळून आत ठेवा, चिकटपट्टी लावा, वर ठळक अक्षरात ‘काच’ लिहा आणि हातात देताना तोंडाने सांगा. भंगारवाला धड बाटल्या घेतो. फुटलेला आरसा, खिडकीची काच किंवा बोरोसिलिकेट त्या बाटल्यांत मिसळू नका. त्यांच्या रचना वेगळ्या, वितळण्याचं तापमान वेगळं, सगळा घाणा बिघडतो.

खेड्यात मात्र काच उकिरड्यावर जाते आणि तिथेच खरी गोम आहे. उकिरडा वर्षाअखेर शेतात जातो. काच कुजत नाही. माझ्या माहेरी, धुळ्याजवळच्या शेतात, नांगरट झाली की अजून काळपट निळ्या शाईच्या दौतीचे तुकडे वर येतात. ती दौत आजोबांची. कापूस वेचायला येणाऱ्या बायका सकाळी दव असतं म्हणून चपला बांधावर काढून ठेवतात. बैलाच्या खुरात काच गेली तर ती शोधायला पंधरा दिवस लागतात, तोवर बैल लंगडत राहतो. लहानपणी आम्ही त्याच तुकड्यांनी काचापाणी खेळायचो, हेही खरं. पण ते हातात दिसणारे, गुळगुळीत झालेले तुकडे असत. गावात घंटागाडी येत नसेल तर घराच्या कोपऱ्यात एक जुना पत्र्याचा डबा फक्त काचेसाठी ठेवावा, भरला की तालुक्याला जाताना सोबत न्यावा. आमच्या काकांनी तसं सुरू केलं आहे. आधी दुसऱ्या चुलत्यांशी वाद झाला, कारण डबा चांगला होता.

त्या जूनमध्ये मी आणि सासूबाई नवी बरणी घ्यायला बाजारात गेलो. मी चिनी मातीची घेऊ म्हटलं, त्यांना काचेचीच हवी होती, फोडींचा रंग बाहेरून दिसतो म्हणून. दुकानदाराने एक काढून दिली. त्यांनी ती डाव्या तळहातावर घेतली, नखाने टिचकी मारली, कान लावला आणि परत दिली. दुसरी, तिसरी. सातव्या बरणीपाशी दुकानदार वैतागून म्हणाला, "आजी, सगळ्या एकाच खोक्यातल्या आहेत." त्यांनी त्याच्याकडे न बघता आठवी मागितली.